हा दगड कोणाचा?

मित्रांनो, दगडाला कसलं आलंय आयुष्य, असं तुम्ही म्हणाल. मी एक जुना दगड आहे हे खरं, पण चार वर्षं मी दुधाच्या रांगेत उभा राहिलो आहे आणि सात वर्षं सरकारी कपाटात अटकेत काढली आहेत. दगडाच्या वाट्याला इतकं सहसा येत नाही. आमच्या कोर्चात मात्र ते कोणाच्याही वाट्याला येत असे.

अल्बानियातल्या या थंड गावाच्या वरच्या अंगाला एक ओढा आहे. त्या ओढ्यात गडगडून गडगडून मी गुळगुळीत झालो. रंगानं करडा, आकारानं पावाच्या लहान लादीएवढा, एका बाजूनं अगदी सपाट. वांजेल नावाच्या सुताराचं नुकतंच लग्न झालं होतं. त्याच्या बायकोला, पोलिक्सेनीला, लोणच्याच्या पिंपावर ठेवायला वजन हवं होतं. आमच्याकडे हिवाळ्याआधी घरोघर कोबी, मिरच्या आणि हिरवे टोमॅटो मिठाच्या पाण्यात घालून ठेवतात. वर लाकडी झाकण आणि झाकणावर दगड. वांजेलनं ओढ्यातले पाच-सहा दगड उचलून पाहिले आणि मला निवडलं. पोलिक्सेनीनं मला उकळत्या पाण्यानं धुतलं, तीन वेळा धुतलं, आणि झाकणावर ठेवून म्हणाली, "बसला बघा कसा." त्यानंतर कित्येक वर्षं तिचं लोणचं कधी नासलं नाही, आणि ती आल्यागेल्याला सांगत असे की सगळी करामत दगडाची आहे. मला फार बरं वाटे.

मग वांजेल वारला. मुलगा थिमाक कारखान्यात लेथवर लागला, त्याचं लग्न झालं, उरानी सून म्हणून आली, आणि दिवस भरायच्या आत, सातव्याच महिन्यात रुदिना जन्मली. मुठीएवढी पोर. छाती इतकी नाजूक की वारा लागला तरी खोकायची. डॉक्टरनं सांगितलं, औषध देतोच आहे, पण हिला रोज दूध मिळालं पाहिजे.

नेमकं त्याच सुमारास दूध दिसेनासं झालं. डोंगरातल्या लोकांच्या शेळ्या, मेंढ्या, दारची एकुलती एक गायसुद्धा सरकारी हुकमानं सहकारी गोठ्यात गेली. जनावरं गोठ्यात गेली ते सगळ्यांनी पाहिलं. दूध कुठं गेलं ते कोणाला कळलं नाही. ज्यांना कळलं ते बोलले नाहीत.

आमच्या भागात दुधाचं एकच दुकान होतं. त्याला एकच खिडकी होती आणि ती सकाळी सहाला उघडायची. चाळीसेक बाटल्या भरल्या की दूध संपे, म्हणून लोक आदल्या संध्याकाळीच नंबर लावत. पण रात्रभर रस्त्यावर उभं राहायला बंदी होती. मग माणसाऐवजी दगड उभा राही. कोणी अर्धी वीट ठेवी, कोणी लोखंडी तुकडा, कोणी फुटका जग. शेजारच्या एवांथीनं आपला कडा उडालेला दगडी खल आणून ठेवला होता. पोलिक्सेनीनं पिंपावरून मला उचललं, तिथं एक जुनी इस्त्री ठेवली, आणि मला रांगेत नेलं. हिवाळ्यात लोणचं घालायच्या वेळेला मी महिनाभर पिंपावर जाई आणि परत रांगेत येई, म्हणून माझ्या अंगाला आंबट वास कायम होता.

या रांगेचा एक कायदा होता आणि तो कोणी लिहिलेला नव्हता. दुसऱ्याचा दगड हलवायचा नाही. बर्फ पडो, पाऊस पडो, ज्याचा दगड जिथं, तो माणूस तिथं. आम्ही एकमेकांना ओळखत होतो आणि आमची माणसं आम्हा सगळ्यांना ओळखत होती. 'वीटवाले अजून आले नाहीत', 'खलाच्या मागं कोण?' असं बोलणं चाले. माझ्या बाईचा नंबर कधी दहाच्या पुढे गेला नाही. याचा मला अभिमान होता, आणि आजही आहे.

दिवसा मी घरात दाराआड पडून असे. तिथं मी ऐकून ऐकून शिकलो की या घरात दोन आवाज आहेत. एक नेहमीचा, जरा मोठा, ज्यात हवापाणी आणि कारखान्याचं ठरलेलं काम यांच्या गोष्टी होत. दुसरा आवाज रेडिओ मोठा केल्यावर निघे. त्या आवाजात उरानी नवऱ्याला विचारी, "आज कोणाला बोलावलं होतं?" आणि थिमाक म्हणे, "हळू."

आणखी एक गोष्ट सांगतो, ती नीट लक्षात ठेवा. त्या घरात वर्तमानपत्र कधीच सरळ रद्दीत जात नसे. रोजच्या अंकात देशाच्या सर्वोच्च नेत्यांचा फोटो असायचाच, कधी पहिल्या पानावर, कधी तिसऱ्याही. त्या फोटोत मासे गुंडाळले, तो चुलीत घातला, त्यावर बटाटे सोलले, आणि कोणी पाहिलं, की संपलं. म्हणून थिमाक रोज कात्री घेऊन बसे. फोटो कापताना कात्री चेहऱ्याच्या जवळ जाता कामा नये, म्हणून चारी बाजूंनी भरपूर जागा सोडून कापी. कापलेले फोटो पत्र्याच्या डब्यात जात. ते फेकता येत नव्हते, जाळता येत नव्हते, म्हणून डबा भरला की दुसरा डबा. उरलेली भोकं पडलेली पानं मग घरकामाला. गावात बहुतेक घरी हेच चाले. दुपारी कुठल्याही गल्लीत कात्रीचा आवाज येई आणि त्याबद्दल कोणी कोणाला विचारत नसे.

भीती कशाची होती, तर ट्रकची. आमच्या रांगेत सोतिर मास्तर होते. शाळेत भूगोल शिकवत. त्यांची लाल वीट माझ्यापासून चौथी. एका सकाळी दूध उशिरा आलं तेव्हा मास्तर म्हणाले, "दूध सभेला गेलं असेल. टाळ्या संपल्या की येईल." तिघं हसले. बाकीच्यांनी जमिनीकडं पाहिलं. आठवडा गेला नाही तोच मास्तरांच्या दारात ट्रक उभा राहिला. गाद्या, चूल, दोन मुली, म्हातारे वडील, सगळं वर चढलं आणि ट्रक खाली दलदलीच्या मुलखाकडं निघून गेला. तिथं गेलेल्यांना पत्र लिहायचं नसतं.

त्यांची वीट रांगेतच राहिली. सकाळी खिडकी उघडली, रांग पुढं सरकली, आणि प्रत्येक जण त्या विटेला वळसा घालून गेला. कायदा होता ना, दुसऱ्याचा दगड हलवायचा नाही. आणि मित्रांनो, मास्तरांचं बोलणं वरपर्यंत नेणारा माणूस आमच्यातलाच होता. रांगेबाहेरचं कोणी त्या वेळी तिथं नव्हतं. तो कोण ते कळलं नाही, म्हणून त्या दिवसापासून प्रत्येक जण प्रत्येकाला भिऊ लागला.

फेब्रुवारीत आमच्याकडे हाडं फोडणारी थंडी पडते. एकदा मी फरशीला असा चिकटलो की पोलिक्सेनीला मला उचलता येईना. ती घरून गरम पाणी आणेपर्यंत दूध संपलं, आणि त्या दिवशी रुदिना साखरेच्या पाण्यावर राहिली. एवांथीनं तोड सांगितली. खाली कागदाची घडी ठेव, दगड चिकटत नाही. तेव्हापासून माझ्याखाली रोज भोकं पडलेल्या पानाची घडी असायची.

महिनाअखेर होती. कारखान्याचं ठरलेलं काम पुरं झालं नव्हतं म्हणून थिमाक सलग दोन पाळ्या करत होता. तीन दिवस कात्रीला हात लागला नव्हता. पोलिक्सेनीच्या दोन्ही डोळ्यांत तोवर मोतीबिंदू उतरले होते. संध्याकाळी तिनं नेहमीच्या जागेवरून वरचं पान उचललं, घडी घातली, मला काखेत मारलं आणि दुकानाकडं निघाली. माझी सपाट बाजू तिनं घडीवर टेकवली आणि हात झटकून घरी गेली. माझ्या पोटाखाली कोण आहे ते तिला दिसलं नाही. मलाही दिसलं नाही.

रात्री बर्फ पडलं आणि पहाटे वितळलं. सहाला पाच कमी असताना लोक आले. पोलिक्सेनीनं बाटली काखेत धरून मला उचललं. कागद भिजून लगदा झाला होता. तो निम्मा फरशीवर राहिला आणि निम्मा माझ्याबरोबर वर आला. तिनं तो बोटानं सोलून काढला. आणि मग एवांथीनं तोंडावर हात ठेवला.

ओल्या कागदाची शाई माझ्या सपाट पोटावर उतरली होती. कपाळ, भुवया, हसरे ओठ, गळ्याची टाय, सगळं. डावं उजवीकडं गेलं होतं, इतकाच फरक. अख्ख्या देशात एकही माणूस असा नव्हता जो तो चेहरा ओळखणार नाही.

पोलिक्सेनीनं मला डोळ्यांजवळ नेलं तेव्हा तिला कळलं. तिनं अंगठा ओला केला आणि पुसायला गेली. एवांथीनं तिचं मनगट धरलं.

"पुसू नकोस."

"अगं पण, हे असं कसं ठेवू?"

"पुसताना कोणी पाहिलं तर? तू काय पुसलंस म्हणून सांगशील?"

पोलिक्सेनीचा अंगठा तसाच हवेत राहिला. आता मला ठेवायचं कसं? सपाट बाजू खाली ठेवली तर चेहरा चिखलात. वर ठेवली तर सगळ्या गावाला दर्शन. तिनं मला कडेवर उभं केलं. मी गुळगुळीत, मी कलंडलो. तिनं पुन्हा उभं केलं, मी पुन्हा कलंडलो. मित्रांनो, मी आयुष्यात कधी स्वतःच्या आकाराची लाज धरली नाही, पण त्या सकाळी धरली.

एवढ्यात बेद्रिये आली. ही आमच्या मोहल्ल्याच्या समितीची प्रमुख. सभेला कोण आलं नाही, कोणाच्या घरी कोण उतरलं, बंदी घातलेल्या सणाच्या दिवशी कोणाच्या घरातून भाजलेल्या पक्वान्नाचा वास आला, सगळं तिच्या वहीत असे. तिच्या हातात फडक्यानं झाकलेली किटली होती. तिला दूध दुकानाच्या मागच्या दारानं मिळे. हे सगळ्यांना ठाऊक होतं आणि ठाऊक नसल्यासारखं सगळे वागत. ती कधी रांगेत उभी राहिली नव्हती, त्यामुळं कोणता दगड कोणाचा हे तिला ठाऊक नव्हतं. त्या दिवशी तीच एक गोष्ट आमच्या बाजूची होती, पण ते तेव्हा कोणाच्या लक्षात आलं नाही.

माना एकाच बाजूला वळलेल्या पाहून ती जवळ आली, वाकली, आणि तिनं मला पाहिलं. क्षणभर तीही पांढरी पडली. मग सरळ झाली.

"हा दगड कोणाचा?"

रांगेत एकतीस माणसं होती. सगळे आपापल्या बाटल्यांकडं पाहू लागले. खिडकीच्या आत दूध वाटणारी विक्तोरी मोजायचं माप धूत होती, तिचा हातही थांबला.

"बोलायचं नाही? बरं. आपापल्या दगडापाशी उभे राहा. बघू कोण उरतं ते."

लोक सरकले. अर्ध्या विटेवाला आपल्या विटेपाशी, जगवाली जगापाशी. एवांथी आपल्या खलापाशी गेली. पोलिक्सेनी माझ्यापाशी उभी होती. माझ्यापासून ती एक पाऊल मागं सरली आणि तिथं थांबली, कारण जाऊन उभं राहायला तिचा दुसरा दगडच नव्हता. आणखी चार श्वासांत बेद्रियेचं बोट तिच्यावर येणार होतं. मग संध्याकाळपर्यंत ट्रक, गाद्या, चूल, थिमाक, उरानी आणि ती खोकणारी पोर. मला हे सगळं स्पष्ट दिसत होतं. मी हलू शकलो असतो तर गटारात गेलो असतो.

"तिथं काय करतेस गं?" एवांथीचा आवाज आला, अगदी रोजच्यासारखा, जरा वैतागलेला. "आपला दगड इथं आहे."

पोलिक्सेनी चालत खलापाशी गेली.

बेद्रिये म्हणाली, "तुम्हा दोघींचा एकच दगड?"

"हिचे गुडघे गेलेत, कॉम्रेड. डोळेही गेलेत. संध्याकाळी मीच ठेवते, दोघींचा मिळून."

हे खोटं होतं आणि एकतीस माणसांना ते माहीत होतं. चार वर्षं त्यांनी पोलिक्सेनीला मला उचलताना पाहिलं होतं. सोतिर मास्तरांचा विनोद वर नेणारा माणूसही त्यांतच उभा होता. बेद्रियेनं रांगेकडं पाहिलं आणि विचारलं, खरं का हे? कोणी हो म्हणालं नाही, कोणी नाही म्हणालं नाही. मग ती खिडकीकडं वळली.

"विक्तोरी, तू सांग. तू रोज बघतेस."

विक्तोरीनं माप फडक्यानं पुसलं. आतून, बाहेरून, परत आतून. मग म्हणाली, "मला खिडकीतून बाटल्या दिसतात, कॉम्रेड. दगड दिसत नाहीत."

बेद्रियेनं मग एकेकाला विचारायला सुरुवात केली. हा दगड तुझा? नाही. तुझा? नाही. कोणाचा ते माहीत आहे? नाही. तो शब्द रांगेच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत गेला. चहाडी करणाऱ्यानंही नाहीच म्हटलं. त्या सकाळी तो का गप्प राहिला, हे मला आजवर उमगलेलं नाही. कदाचित रोज माझ्यामागं उभं राहून राहून त्यालाही माझी सवय झाली असेल. कदाचित त्यालाही फक्त भीती वाटली असेल.

शेवटी ती पोलिक्सेनीसमोर आली.

"हा दगड तुझा नाही?"

"नाही."

"कधी पाहिलास?"

"नाही."

मित्रांनो, तिनं हेच म्हणावं अशी माझी सगळी इच्छा होती. तरी ते ऐकताना मला फार वाईट वाटलं. तीस वर्षं तिनं मला धुतलं होतं, पुसलं होतं, माझं कौतुक केलं होतं. दगडाला तोंड असतं तर मीही म्हणालो असतो की या बाईला मी ओळखत नाही.

बेद्रियेनं मला उचललं, आणि मग तिची पंचाईत झाली. पिशवीत कांदे होते, कांद्यांत मला टाकता येईना. काखेत मारता येईना. शेवटी तिनं डोक्याचा रुमाल सोडला, माझ्यावर पांघरला आणि मला दोन्ही हातांवर आडवं धरून निघाली. दुधाची किटली तिथंच फरशीवर राहिली. जाता जाता मी पाहिलं, विक्तोरीनं वाटप सुरू केलं होतं आणि पोलिक्सेनीच्या बाटलीत दूध पडत होतं. एवांथीनं त्या बाटलीचा तळ धरला होता.

गृहखात्याच्या कचेरीत मला एका टेबलावर ठेवलं. तिथं एक खोकणारा साहेब होता. पुरावा म्हणून माझ्यावर क्रमांकाची चिठ्ठी चिकटवायची होती, पण ती चेहऱ्यावर येता कामा नये, आणि चेहऱ्याच्या पाठीमागं चिकटवली तर ती डोक्यामागं आली असं कोणी म्हणेल. दोन दिवस यावरच गेले. मला धुवावं असं एका शिपायानं सुचवलं, तेव्हा साहेबानं त्याच्याकडं असं पाहिलं की तो पुन्हा त्या खोलीत आला नाही. मला तिथं पहिल्यांदा कळलं की भीती फक्त रांगेतच नव्हती. ती टेबलाच्या त्या बाजूलाही बसलेली होती.

दोन महिने चौकशी चालली. रांगेतलं प्रत्येक माणूस माझ्यासमोर आणून बसवलं गेलं. हा दगड ओळखता? नाही. मी ते मोजत बसलो नाही, पण शेवटी शेवटी 'हा' म्हटल्यावरच मला 'नाही' ऐकू येऊ लागलं. थिमाकला बोलावलं त्या दिवशी साहेबानं मला नाकाशी धरलं.

"आंबट वास आहे. घरी लोणचं घालता?"

"सगळेच घालतात, साहेब."

"पिंपावर दगड आहे?"

"आहे."

साहेबानं तिथल्या तिथं दोन माणसं पाठवली आणि थिमाकला बसवून ठेवलं. पाऊण तास. थिमाकच्या कपाळावरून घाम खाली येत होता आणि तो पुसायचीही त्याला भीती वाटत होती. पिंपावर जुनी इस्त्री आहे, हे मला माहीत होतं. माणसं परत आली आणि त्यांनी वाचून दाखवलं. पिंपावर एक दगड आढळला. ओला. आंबट वास. पुढं पोलिक्सेनीच्या बोलण्यातून मला कळलं की त्याच सकाळी उरानी ओढ्यावर जाऊन दगड घेऊन आली होती आणि तिनं तो तडक खाऱ्या पाण्यात बुडवला होता. थिमाकलाही ते तिनं सांगितलं होतं की नाही कोण जाणे. त्याचा चेहरा पाहून तरी तसं वाटलं नाही.

एवांथीला चार वेळा बोलावलं. खोटं ती बोलली होती, म्हणून जड तिलाच. चौथ्या वेळी साहेबानं टेबलावर एक कागद ठेवला. तिच्या मुलाला, आरिस्तिदला, डॉक्टर व्हायचं होतं. पुढं शिकायची परवानगी वरून यावी लागे, आणि घराण्याच्या सरकारी नोंदवहीत डाग असेल तर येत नसे.

"तुझ्या पोराचा कागद आहे," साहेब म्हणाला. तो ओरडला नाही, खोकून खोकून त्याचा आवाजच बसला होता. "हुशार आहे म्हणतात. दगड कोणाचा तेवढं सांग, मी सही करतो."

एवांथीनं कागदाकडं पाहिलं. मग माझ्याकडं पाहिलं, खूप वेळ. तशी तिची नजर मी कधी पाहिली नव्हती. त्या नजरेत माझ्याबद्दल राग होता, आणि तो असायलाच हवा होता. मी मनातल्या मनात म्हणालो, आता ती सांगणार. मी असतो तर सांगितलं असतं.

"मला दगडातलं काही कळत नाही, साहेब," ती म्हणाली.

साहेबानं कागद खणात टाकला आणि खण लावून घेतला.

त्यानंतर मला कपाटात ठेवलं, हिरव्या कापडाच्या तुकड्यावर, चेहरा वर करून. पुढच्याच वर्षी नेते वारले. मग तर मला हात लावायची कोणाची छाती होईना. साहेब बदलले. नवा साहेब कपाट उघडे, मला पाहून दचके आणि हळूच लावून घेई. माझी फाइल बंद करायला सही लागत होती आणि माझ्यावर सही करायला कोणी तयार नव्हतं. शाई हळूहळू पुसट झाली. आधी टाय गेली, मग ओठ. पाचव्या-सहाव्या वर्षी माझ्यावर नुसता एक राखी डाग उरला होता, पण कपाट काही उघडलं नाही.

मग एक दिवस बाहेर खूप आवाज झाला. चौकातला नेत्यांचा पुतळा पाडला म्हणाले. त्यानंतर काही आठवड्यांनी कचेरी रिकामी करायला लोक आले. त्यांनी कपाटं उपसली, कागदांचे गठ्ठे गाडीत भरले आणि मला अंगणात, भिंतीशी टाकलं. सात वर्षांनी माझ्यावर पाऊस पडला.

कोणत्याशा दाखल्यासाठी लोक तिथं ये-जा करत. एका दुपारी पोलिक्सेनी आली. ती फार वाकली होती. एका डोळ्याचं ऑपरेशन झालेलं दिसत होतं, कारण ती मला लांबूनच पाहून थांबली. गठ्ठे वाहणारा एक तरुण कारकून तिथं उभा होता, हसऱ्या तोंडाचा. त्याला आमची गोष्ट कुठून माहीत असणार?

"आजी, तुमचा आहे का हा दगड?" त्यानं विचारलं. "असेल तर न्या घेऊन. कोणी विचारणार नाही."

अंगणात दुसरं कोणी नव्हतं. फाटक सताड उघडं होतं. साहेब नव्हता, बेद्रिये नव्हती, ट्रक नव्हता. पोलिक्सेनीनं मागं वळून पाहिलं, फाटकाकडं पाहिलं, वरच्या खिडक्यांकडं पाहिलं.

"नाही," ती म्हणाली. "माझा नाही."

तो खांदे उडवून आत गेला. ती फाटकापर्यंत चालत गेली. मग दमल्यासारखं करून परत आली आणि भिंतीला टेकून माझ्याजवळ बसली. तिनं हात खाली सोडला, तो माझ्यावर ठेवला आणि समोर बघत हळू आवाजात बोलू लागली. रुदिना आता अकरा वर्षांची झाली होती आणि खोकत नव्हती. आरिस्तिद विटांच्या भट्टीवर काम करत होता. एवांथी गेल्या हिवाळ्यात गेली.

"सात वर्षं समोरासमोर राहिलो," ती म्हणाली, "पण रस्त्यात कधी बोललो नाही. बोललो असतो तर कोणीतरी विचारलं असतं, या दोघींचं एवढं काय आहे म्हणून. तिच्या मयतीलासुद्धा मी मागंच उभी राहिले."

अर्धा तास तिचा हात माझ्यावर होता. मग ती उठली, कपडे झटकले आणि गेली. मला घेतलं नाही. मी वाट पाहिली, दुसऱ्या दिवशीही पाहिली. ती परत आली नाही.

आता त्या इमारतीत मुलांची संगीतशाळा आहे. वाऱ्यानं दार आपटू नये म्हणून मला दाराशी ठेवतात. तुमच्याएवढी मुलं माझ्यावरून उड्या मारून आत जातात, मोठ्यानं भांडतात, 'ही माझी वही', 'ही माझी जागा' असं ओरडतात, आणि शिक्षिका त्यांना गप्प करतात. मला मात्र तो आवाज फार आवडतो.

मित्रांनो, दगडाची काळजी घ्या असं मी सांगणार नाही, दगडाला काही होत नाही. माझी विनंती एवढीच की जे तुमचं आहे ते तुमचं म्हणायला तुम्हाला आज कोणी अडवत नसेल, तर ते मोठ्यानं म्हणत जा, आणि शेजारच्याला म्हणता येत नसेल तर त्याच्यासाठीही म्हणा. हे रोज म्हणावं लागतं. एकदा सवय गेली की मग फाटक उघडं असूनही तोंडातून 'नाही' असंच येतं. त्या दुपारी कारकून आत गेल्यावरही पोलिक्सेनी माझ्याशी हळू आवाजातच बोलली.